नाहीशा झालेल्या लोकांचा मेल

सातशे वर्षांपूर्वी नाहीशा झालेल्या लोकांकडून माझ्या मुलीला गुरुवारी सकाळी सात वाजून वीस मिनिटांनी मेल आला. मी समोरच पोहे खात होतो. नेहाने मोबाइल बघितला, पालथा ठेवला, पुन्हा उचलला, पुन्हा पालथा ठेवला. असं तीनदा झालं. पोह्यांत मीठ जास्त होतं तरी ती एक शब्द बोलली नाही, तेव्हाच मला कळायला हवं होतं की काहीतरी बिघडलंय.

मी जयसिंग ओव्हाळ. गाड्या बनवणाऱ्या एका कंपनीत छत्तीस वर्षं काढली, त्यातली बावीस फायनल इन्स्पेक्शनला. म्हणजे गाडी पूर्ण व्हायची, पुसून चकाचक व्हायची, की शेवटी माझ्यासमोर यायची आणि मी तिच्यात चूक शोधायची. ही सवय एकदा लागली की जात नाही. लग्नाला गेलो तर मांडवाचे खांब सरळ आहेत का ते बघतो. बायको म्हणते, मला बघायला आले तेव्हा ह्यांनी आधी आमच्या दाराची बिजागरी बघितली. खरं आहे ते. बिजागरी सैल होती.

रिटायर झाल्यावर दोन महिने मी रहाटणीच्या फ्लॅटमध्ये बसून लिफ्ट, पाण्याची टाकी, सोसायटीचे चेअरमन आणि घरची आमटी, सगळ्यांत दोष काढले. शेवटी नेहा म्हणाली, "पप्पा, आमच्या वर्कशॉपला या. घरात ह्याला कटकट म्हणतात, तिथं चेकिंग म्हणतील."

वर्कशॉप चाकणला, निरंजनसरांचं. तिथे संग्रहालयांसाठी मांडणी तयार होते. मॉडेल, फलक, भिंतीवर लावायची लोखंडी अक्षरं. नेहा फलकांवरचा मजकूर लिहायची. तिने इतिहासात एम. ए. केलं तेव्हा आमच्या एकूण एक पाहुण्याने मला विचारलं होतं, इतिहासात नोकरी असते का हो? दोन वर्षांनी ही मिळाली, तीसुद्धा सहा महिन्यांच्या बोलीवर. ताथवड्याला एका ट्रस्टचं मुलांसाठी नवं संग्रहालय उभं राहत होतं. त्यातलं 'माणसाची घरं' हे दालन आमच्याकडे होतं, आणि निरंजनसरांनी तिला साफ सांगितलं होतं, "हे दालन नीट उघडलं की तू कायम. नाही उघडलं तर बघू." हे 'बघू' कसलं असतं ते नोकरी केलेल्या माणसाला सांगावं लागत नाही.

मी तिथे गेलो आणि पहिल्याच आठवड्यात लाल टॅग सुरू केला. आमच्या कंपनीतली पद्धत. मालात दोष दिसला की कोणीही त्यावर लाल पुठ्ठ्याचा टॅग बांधायचा. टॅगवर दोष काय, शोधला कोणी, आधी पास केला कोणी, असं सगळं लिहायचं. एकदा टॅग लागला की माल जागचा हलायचा नाही, आणि टॅग ज्याने लावला त्यानेच काढायचा, तोही दोष दुरुस्त झाल्यावर. निरंजनसरांना हा नियम इतका आवडला की ते गिऱ्हाइकांना चहा पाजून सांगायचे, "आमच्याकडे लाल टॅग मालकसुद्धा काढू शकत नाही." हे त्यांना एक दिवस महागात पडणार होतं.

त्या गुरुवारी साडेआठला आम्ही बापलेक ताथवड्याच्या दालनात पोचलो. उद्घाटन दुपारी चारला. मी सगळ्यात आधी मोठ्या भिंतीकडे गेलो. माझ्या मते ती आमच्या वर्कशॉपने केलेली सर्वांत देखणी गोष्ट होती. अमेरिकेच्या नैर्ऋत्य भागात लाल दगडाच्या कड्यांच्या कपारींत बांधलेली गावं आहेत. एकावर एक चौकोनी खोल्या, शिड्या, धान्याची कोठारं. त्यातलं एक अख्खं गाव आम्ही नऊ फूट उंच उभं केलं होतं. वर लोखंडी पट्टीत कापलेलं नाव: अनासाझी. अक्षरांची उंची चौदा इंच, पावडर कोटिंग विटकरी, लेव्हल पाण्यासारखी. पट्टीच्या मागे माझा शिक्का होता, जे-१४, ओके. कंपनीतला माझा नंबर मी इथेही चालू ठेवलाय.

"काय सुंदर दिसतंय बघ," मी म्हणालो.

नेहा तिकडे बघेना. ती कामाच्या शिडीच्या खालच्या पायरीवर बसली होती आणि तिच्या हातात मोबाइल होता.

"पप्पा, ते नाहीसे नाही झालेत," ती म्हणाली.

"कोण?"

तिने मोबाइल माझ्या हातात दिला. तीन आठवड्यांपूर्वी तिने तिकडच्या एका गावच्या छोट्या संग्रहालयाला एका मडक्याचा फोटो वापरू का म्हणून विचारलं होतं. त्याचं उत्तर आलं होतं. लिहिणारी बाई त्याच लोकांपैकी होती. माझं इंग्रजी पार्ट नंबरांपुरतं, म्हणून नेहाने वाचून सांगितलं. बाईंनी लिहिलं होतं की भारतातली मुलं आमच्या पणज्यांची मडकी बघणार म्हणून आम्हाला फार आनंद झाला, फोटो खुशाल वापरा. फक्त एक विनंती आहे. तुम्ही पत्रात आमच्या पूर्वजांना जो शब्द वापरलाय तो आमचा नाही. तो आमच्या शेजारच्या नावाहो लोकांच्या भाषेतला आहे. त्याचा अर्थ कोणी परक्यांचे पूर्वज असा सांगतात, कोणी शत्रूंचे पूर्वज. कड्यांत आलेल्या गोऱ्या लोकांनी शेजाऱ्यांना विचारलं की इथे कोण राहायचं, शेजाऱ्यांनी जे सांगितलं तेच पुढे विद्वानांनी पुस्तकात घातलं. आम्हाला कुणी विचारलं नाही. आम्ही खाली नदीकाठच्या गावांत राहायला आलो होतो, अजून इथेच आहोत.

मी भिंतीकडे बघितलं. नावाखाली नेहानेच लिहिलेला फलक होता: 'सातशे वर्षांपूर्वी हे लोक गूढ रीतीने नाहीसे झाले.'

खरं सांगतो, मला पहिल्यांदा हसू आलं. नाहीसे झालेले लोक मेल करतायत, आणि तोही किती सभ्य मेल. मग हसू गेलं. कारण त्या पट्टीच्या मागे माझा शिक्का होता. मी अक्षरांची उंची मोजली होती, कडा बोटाने तपासल्या होत्या, झ आणि वेलांटी यांच्यातलं अंतरसुद्धा बघितलं होतं. शब्द ड्रॉइंगप्रमाणे होता म्हणून ओके दिला होता. ड्रॉइंगच चुकीचं असेल हे इन्स्पेक्टरच्या डोक्यात येत नाही. बावीस वर्षांत माझ्या डोक्यात कधी आलं नाही.

"आजचा दिवस जाऊ दे," नेहा हळू आवाजात म्हणाली. "उद्घाटन होऊ दे. पुढच्या महिन्यात मी गुपचूप बदलून घेते. पप्पा, सहा महिने आजच संपतायत."

मी पिशवीतून टॅग काढला. दोष: नाव त्या लोकांना मान्य नाही. शोधला: इथे मी जागा रिकामी सोडली. पास केला: जयसिंग ओव्हाळ. मग शिडीवर चढलो आणि टॅग 'अ'च्या दांडीला बांधला.

नेहा भयंकर चिडली. "तुम्हाला माझी नोकरी घालवायची आहे का?" एवढंच म्हणाली आणि तोंड फिरवून बसली. तरी टॅग मी काढला नाही. लाइनवरून सुटलेली गाडी पुढच्या महिन्यात परत येत नाही, हे मला माहीत होतं. लोक ती चालवायला लागतात.

निरंजनसर साडेनऊला आले. माणूस मनाने चांगला, पण उद्घाटनाच्या दिवशी कोणताच मालक मनाने चांगला नसतो. टॅग बघून ते आधी लाल झाले, मग पांढरे.

"ओव्हाळकाका, हे काढा."

"दुरुस्त झाल्याशिवाय निघत नाही, सर. तुमचाच नियम."

"नियम कारखान्यात. इथं चार वाजता अध्यक्ष ह्याच भिंतीसमोर फीत कापणार आहेत. आणि चूक कसली? सगळ्या पुस्तकांत हाच शब्द आहे. ट्रस्टने दिलेल्या यादीत हाच आहे." मग ते नेहाकडे वळले. "मजकूर तू लिहिलायस. तू सांग. चूक आहे का?"

तिने 'नाही' म्हटलं असतं तर माझा टॅग एका म्हाताऱ्याचं खूळ ठरला असता, आणि संध्याकाळी ती कायम झाली असती. ती उठून उभी राहिली. ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत होती, लहानपणी फ्रॉकचा बंद गुंडाळायची तसं.

"चूक आहे, सर," ती म्हणाली. "मला सकाळीच कळलं. मी लपवणार होते."

तेवढ्यात संग्रहालयाच्या प्रमुख विजयश्रीमॅडम आल्या. साठीच्या, सुती साडी, गळ्यात दोन चष्मे. निरंजनसरांनी विषय बदलायचा प्रयत्न केला, पण लाल टॅग लांबूनच दिसतो, त्यासाठीच तो लाल असतो. मॅडमनी मेल मागून घेतला आणि दोनदा वाचला.

"शेजारी अजून हा शब्द वापरतात," त्या म्हणाल्या. "बरेच अभ्यासकही वापरतात. आपल्या निमंत्रणपत्रिकेवरही छापलाय."

"तेच म्हणतोय मी," निरंजनसर म्हणाले.

"पण पणजोबा कुणाचे आहेत?" मॅडमनी विचारलं. "नेहा, मग काय लिहायचं?"

नेहाने सांगायला सुरुवात केली आणि मी बघत राहिलो. सकाळपासूनची मरगळ कुठल्या कुठे गेली. सकाळपासून ती मोबाइलवर हेच वाचत होती. तिने सांगितलं की त्यांच्या सगळ्या गावांत मिळून पाच-सहा वेगवेगळ्या भाषा आहेत, त्यामुळे सगळ्यांना चालेल असा एकच जुना शब्द नाही. होपी लोक त्यांच्या भाषेत हिसात्सिनोम म्हणतात, म्हणजे फार पूर्वीची माणसं. पण दुसऱ्या गावाला तो आपला वाटणार नाही. आता बहुतेक ठिकाणी 'पुएब्लोंचे पूर्वज' असं लिहितात.

"पुएब्लो म्हणजे स्पॅनिशमध्ये गाव," निरंजनसर म्हणाले. त्यांनी मोबाइलवर शोधलं होतं. "म्हणजे हाही परक्यांनीच दिलेला शब्द झाला की. मग फरक काय?"

"फरक आहे, सर. हा त्यांनी घेतलाय. बाईंनी सही करताना गावाच्या नावापुढे तोच लिहिलाय, बघा."

निरंजनसरांनी बघितलं. मॅडम हसल्या आणि दुसरा चष्मा लावला. "साडेतीनपर्यंत जमेल का?" त्यांनी मलाच विचारलं.

"जमेल," मी म्हणालो. छत्तीस वर्षांत मी प्रॉडक्शनवाल्यांना एकदाही 'जमेल' म्हटलेलं नव्हतं.

"भिंत रिकामी दिसता कामा नये," निरंजनसर म्हणाले. "नाही जमलं तर जुनं नाव राहणार, आणि उद्यापासून तुम्ही दोघंही घरी. नियम माझा असला तरी."

सव्वादहा वाजले होते. आम्ही निघालो तेव्हा मला आठवलं की आज गुरुवार. चाकणपासून भोसरीपर्यंत सगळ्या वर्कशॉपांची सुट्टी गुरुवारी. ट्रस्टच्या अध्यक्षांना गुरुवार शुभ वाटला होता, आणि आम्हाला मात्र अख्ख्या एमआयडीसीत एक चालू मशीन मिळायची मारामार.

लेझरवर काम करणारा सिद्धेश चाकणलाच राहायचा. नेहाने फोन केला तेव्हा तो बुलेट धूत होता. "ताई, आज सुट्टी हाय ना," म्हणाला. नेहाने त्याला सगळी हकिकत दोन मिनिटांत सांगितली. तिकडे नळ बंद झाल्याचा आवाज आला. मग तो म्हणाला, "म्हणजे त्यांच्या आज्याला शेजाऱ्यांच्या नावानं हाक मारतोय आपण? येतो, थांबा." आम्ही पोचलो तेव्हा त्याने मशीन चालू केलं होतं. पायांत साबणाने ओल्या चपला.

मराठी अक्षरं लोखंडात कापण्यात एक गंमत आहे. इंग्रजी अक्षरं सुटी असतात, एक बिघडलं तर एक बदलता येतं. आपला शब्द सगळा शिरोरेघेला टांगलेला. एक अक्षर बदलायचं म्हटलं तरी अख्खा शब्द नवा करावा लागतो. म्हणून जुन्या पट्टीतलं काहीच वापरता येणार नव्हतं. त्यात नवं नाव लांबलचक. भिंतीवर जागा आठ फूट. नेहाने उंची चौदावरून दहा इंच केली, सिद्धेशने भिंतीतली जुनीच भोकं चालतील अशा जागी मागचे खिळे ठेवले, आणि मी कागदावर तो शब्द चार वेळा तपासला. पाचव्यांदा तपासताना नेहा म्हणाली, "पप्पा, आता मी तुम्हाला टॅग बांधीन." सकाळनंतर पहिल्यांदा ती माझ्याशी बोलली होती.

लेझरची ठिणगी पळायला लागली. पु, ए, ब्लों, चे. तरुणपणी पहिली गाडी लाइनवरून खाली उतरताना बघितली तेव्हा मला जसं वाटलं होतं तसं वाटलं. पाऊण तासात दोन पट्ट्या पडल्या. मी कडा घासल्या, हातमोजे न घालता. सिद्धेश दोन हात कमरेवर ठेवून म्हणाला, "काका, आता कोटिंग?"

आणि तिथे आमचं घोडं अडलं. पावडर कोटिंगची भट्टी मागच्या गल्लीत दुसऱ्या माणसाची, तिला कुलूप, आणि मालक लेकीच्या गावी. भट्टीशिवाय पावडर बसत नाही. घड्याळात एक वाजून दहा मिनिटं. लोखंड नुसतं उघडं लावलं तर आठवड्यात गंजेल, आणि आत्ताच ते भांड्याच्या दुकानासारखं चमकत होतं.

नेहा कोपऱ्यातल्या डब्यांकडे बघत होती. "पप्पा, ते काय आहे?"

"रेड ऑक्साइड. गेटला रंगाआधी लावतात ते."

"कड्याचाच रंग आहे तो."

मी डबा उघडला. खरंच तसाच होता, कच्च्या विटेचा. छत्तीस वर्षं मी ज्या रंगाला अर्धवट काम समजत आलो, तो ह्या कामाला कोटिंगपेक्षा बरा दिसणार होता. दोन पट्ट्यांना तिघांनी मिळून दोन हात मारले. सुकायला वेळ नव्हता, म्हणून दोनला आम्ही सिद्धेशच्या मामाच्या उघड्या टेम्पोत पट्ट्या उभ्या केल्या आणि मागे मी आणि नेहा एकेक टोक कडेने धरून बसलो. वाऱ्याने सुकतील म्हणून.

म्हाळुंग्यापासून तळवड्यापर्यंत वारा छान होता. तळवडे चौकात ट्रॅफिक थिजलं. शेजारच्या रिक्षातल्या माणसाने मान वाकडी करून वाचलं, "पुएब्लोंचे पूर्वज. नवीन स्कीम का? टू बीएचके किती पडतो?"

"बुकिंग फुल आहे," नेहा म्हणाली. "सातशे वर्षांपूर्वीच झालं."

आम्ही दोघं इतके हसलो की पट्टी हलली, आणि सावरताना तिचा अंगठा 'पू'वर ओल्या रंगात उमटला. हसणं थांबल्यावर तिने विचारलं, "पप्पा, एवढं काय लागलं तुम्हाला त्या नावाचं?"

मी तिला कधी सांगितलं नव्हतं. सांगण्यासारखं आहे असं मला वाटत नव्हतं. पण माझे दोन्ही हात अडकलेले होते, पळून जायला जागा नव्हती, आणि सिग्नल सुटत नव्हता. म्हणून सांगितलं.

सत्याऐंशी साली माझी आयटीआय झाली तेव्हा कंपनीचं बोलावण्याचं पत्र गावी आलं. बीड जिल्हा, आमचं खेडं. पाकिटावर माझं नाव, आणि खाली वस्तीचं नाव. ते नाव गावाने ठेवलेलं होतं, जातीवरून. माझ्या आजोबांनी छप्पन साली धम्म घेतला, घरात बुद्धांची तसबीर आली, पण पोस्टात आणि तलाठ्याकडे तेच नाव चालू. गेटवर पाकीट दाखवावं लागेल असं पत्रात होतं. मी एसटीत बसल्या बसल्या ती ओळ शाईच्या पेनने खोडली. चांगली काळीकुट्ट केली. गेटवर वॉचमनने पाकीट धरलं आणि विचारलं, हे काय खोडलंय? पत्ता बनावट आहे का? मला बाजूला उभं केलं. दोन तासांनी आतला क्लार्क रजिस्टर घेऊन आला आणि खात्री करायला म्हणून माझा सगळा पत्ता त्याने मोठ्याने वाचला. वस्तीच्या नावासकट. रांगेत साठ पोरं होती.

"हसले?" नेहाने विचारलं.

"नाही ना. हसले असते तर बरं झालं असतं. सगळे गप्प झाले."

पट्टीचं तिचं टोक तिने दुसऱ्या हातात घेतलं आणि मोकळा झालेला रंगाचा हात माझ्या गुडघ्यावर ठेवला. पँटला डाग पडला. तो अजून आहे. मी तिला सांगितलं की तीन वर्षांपूर्वी वस्तीचा बोर्ड बदलला, आता समतानगर आहे, भावाने फोटो पाठवला होता. तिने तो फोटो बघायला मागितला, पण माझे हात रिकामे नव्हते.

निगडी, रावेत, आणि तीन वाजून सत्तावीस मिनिटांनी ताथवडे. दारात मुलांच्या शाळेची बस लागली होती. निरंजनसर घड्याळ आणि रस्ता आळीपाळीने बघत उभे होते. जुनी पट्टी त्यांनी स्वतः शिडीवर चढून उतरवून ठेवली होती, मात्र माझ्या टॅगला हात लावला नव्हता. पट्टीसकट टॅग खाली आला होता. भिंतीवर नुसती भोकं होती. मी ते बघितलं आणि ह्या माणसाबद्दल माझं मत कायमचं बदललं. आम्ही नाही पोचलो असतो तर भिंत रिकामी राहिली असती, आणि त्याने तो धोका घेतला होता.

खिळे बरोबर बसले. मी लेव्हल लावली, उजवीकडे दोन मिलिमीटर वर. कंपनीत मी त्यावर दिवसभर भांडलो असतो. 'पू'वर नेहाचा अंगठा ठळक दिसत होता. मी शिक्का काढला आणि ओके मारला, जे-१४. मॅडमच्या ऑफिसात नेहाने फलकाची नवी ओळ छापून आणली आणि जुन्या ओळीवर चिकटवली: 'ते नाहीसे झाले नाहीत. ते नदीकाठच्या गावांत राहायला गेले, आणि त्यांची पणतवंडं आजही तिथे राहतात.' जुनी पट्टी मॅडमनी फेकू दिली नाही. खाली एका चौरंगावर आडवी ठेवली, हा शब्द कुणी दिला आणि कुणाला नको आहे ते नेहाकडून दोन ओळींत लिहून घेतलं. आणि मला म्हणाल्या, "टॅग राहू दे का त्यावर? मुलांना बघू दे."

"मग तो पुरा भरावा लागेल," मी म्हणालो. 'शोधला' ह्या ओळीपुढची जागा मी सकाळी रिकामी सोडली होती. तिथे नेहाने तिकडच्या बाईंचं नाव लिहिलं.

चारला फीत कापली गेली. अध्यक्षांनी निमंत्रणपत्रिका बघून भाषणात जुनाच शब्द म्हटला, आणि पहिल्या रांगेतल्या एका मुलीने बसल्या जागेवरून त्यांना दुरुस्त केलं. मग मुलं भिंतीवर तुटून पडली. शिड्या मोजल्या, कोठारात डोकं घातलं, आणि आमची शिडी अजून तिथेच होती, तिच्यावर चढून सगळ्यांनी आळीपाळीने 'पू'वरच्या अंगठ्यावर आपला अंगठा ठेवून बघितला. नेहाने भिंतीचा फोटो काढला आणि तिथेच उभी राहून तो त्या बाईंना पाठवला. तिकडे पहाट असेल, म्हणाली.

मी बाजूला उभा होतो तेव्हा निरंजनसर आले. खिशातून एक लांब पाकीट काढून त्यांनी नेहाच्या हातात दिलं. "परवाच तयार होतं," ते म्हणाले. "सकाळी फाडणार होतो. पण गाडीत राहिलं होतं."

नेहाने ते उघडलं नाही. माझ्यापुढे धरलं. "पप्पा, चेक करा."

मी चष्मा लावला. पाकीट उलटसुलट करून बघितलं. आत काय आहे ते मला माहीत होतं, ते तिचं तिने वाचावं. मी बाहेरचं वाचलं. मोठ्याने वाचलं, आमच्या कंपनीच्या क्लार्कपेक्षा मोठ्याने.

"नेहा जयसिंग ओव्हाळ. फ्लॅट नंबर अकरा, मैत्री सोसायटी, रहाटणी, पुणे, चार एक एक शून्य एक सात."

मुलं गप्प होऊन आमच्याकडे बघायला लागली. एकाने विचारलं, "आजोबा, कुणाचा पत्ता आहे?"

"आमचा," मी म्हणालो, आणि पहिल्यापासून पुन्हा वाचला.